बार्बाराची दोन गावे

फ्रेंच लोक ज्याला ‘शांसाँ’ म्हणतात, त्या गीतप्रकाराला आपल्याकडे नेमका शब्द नाही. भावगीत म्हणावे, तर आपल्या भावगीताचा संसार बहुधा तिघांचा. १९५५ साली पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेल्या गीतरामायणात शब्द माडगूळकरांचे, चाली फडक्यांच्या आणि कंठ अनेकांचे होते. शांसाँ रचणारा मात्र पुष्कळदा हे तिन्ही भार एकटाच वाहतो, आणि म्हणून त्याला आडोसा उरत नाही. बार्बारा ह्या गायिकेकडे मी वळलो तो हा उघडेपणा पाहण्यासाठी. माझे फ्रेंच शब्दकोश मांडीवर घेऊन बसण्याइतपतच आहे. पण तिच्या गाण्यात शब्द कळण्याआधी संकोच कळतो.

तिचे खरे नाव मोनिक सेर्फ. जन्म पॅरिसचा, ९ जून १९३० चा. आजोळच्या एका पूर्वजेचे नाव वारवारा. त्यावरून तिने रंगभूमीसाठी बार्बारा हे नाव घेतले. कुटुंब ज्यू, त्यामुळे युद्धाची वर्षे गावोगाव लपण्यात गेली. उजव्या हातावरील गाठीच्या शस्त्रक्रियांनी पियानोवादक होण्याचे बालपणीचे स्वप्न संपवले. पुढे पॅरिसमध्ये सेन नदीकाठच्या ‘लेक्ल्यूज’ नावाच्या चिंचोळ्या गाणेघरात मध्यरात्री काळ्या वेषात गाणारी बाई म्हणून ती ओळखली जाऊ लागली. तिच्या पहिल्या तबकड्यांत ब्रासांस आणि ब्रेल ह्या दुसऱ्यांच्याच रचना अधिक. स्वतःचे शब्द पुढे करायला तिला वेळ लागला.

तो वेळ का लागला, हे ‘नांत’ ह्या गीतावरून काहीसे उमगते. १९४९ साली वडील घर सोडून गेले. दहा वर्षांनी, डिसेंबर १९५९ मध्ये, ते नांत शहरी मरणोन्मुख असल्याचा निरोप आला. ती पोहोचण्यापूर्वीच प्राण गेला होता. गाण्यात पाऊस आहे, उशिरा पोहोचलेली मुलगी आहे, आणि वडिलांविषयी एक विलक्षण आवरलेला शोक आहे. हे गीत पुरे व्हायला १९६३ साल उजाडावे लागले. तिच्या मृत्यूनंतर, १९९८ साली, अपुऱ्या राहिलेल्या आठवणींचे पुस्तक निघाले, तेव्हा वाचकांना कळले की ह्याच पित्याने ती लहान असताना तिच्यावर अत्याचार केला होता. त्याच पुस्तकात तिने त्यांना क्षमाही केली आहे. हे वाचल्यावर ते गीत मी पुन्हा ऐकले. त्यात आरोपाचा एकही शब्द नाही, आणि खोटा गोडवाही नाही. हा संयम मला आजही पुरता पेलवत नाही.

दुसरे गाव जर्मनीतले. १९६४ च्या जुलैमध्ये ग्योटिंगेन येथील एका तरुण नाट्यगृहाच्या संचालकाने तिला बोलावले. जर्मनीत गाणे तिला नको होते, आणि का नको ते सांगायला नको. अखेर ती एका अटीवर कबूल झाली: रंगमंचावर मोठा, आडवा पियानो हवा. जाऊन पाहते तो उभा पियानो, इतका उंच की त्यामागे बसलेली गायिका श्रोत्यांना दिसायचीच नाही. पियानो वाहणाऱ्यांचा संप. बाई हटून बसल्या. शेवटी गावातील एका वृद्धेने आपला पियानो देऊ केला आणि दहा विद्यार्थ्यांनी तो उचलून आणला. कार्यक्रम दोन तास उशिरा सुरू झाला, श्रोते खोळंबून बसले होते, आणि एका रात्रीसाठी आलेली बार्बारा आठवडाभर राहिली. जायच्या आदल्या दिवशी तिने नाट्यगृहाच्या बागेत बसून ‘ग्योटिंगेन’ लिहिले आणि त्याच रात्री अर्ध्यामुर्ध्या चालीत ते म्हणून दाखवले.

त्या गीतात युद्ध जवळजवळ नाहीच. त्यात गुलाब आहेत, ग्रिम बंधूंच्या परीकथा आहेत, आणि मुले तिथलीही मुलेच, एवढे साधे भान आहे. मी बेळगावात वाढलो. सीमाप्रश्नाची तिच्या दुःखाशी तुलना करणे अप्रस्तुत होईल. पण पलीकडच्या अंगणातला गुलाब मोठ्याने वाखाणायला किती धैर्य लागते, एवढे मला त्या गल्ल्यांनी शिकवले आहे. १९६७ साली तिने ते जर्मन भाषेतही गाइले. २००३ मध्ये, फ्रान्स-जर्मनी मैत्रीकराराच्या चाळिशीनिमित्त व्हर्सायला भाषण करताना चान्सलर श्रोडर ह्यांनी ह्या गीताची आठवण काढली. त्यांचे विद्यार्थिजीवन त्याच गावी गेले होते.

१९७० चा ‘काळा गरुड’ लोकांना सर्वांत प्रिय. मला तो थोडा अधिक सजवलेला वाटतो. उलट उतारवयातला तिचा चिरलेला आवाज मला अधिक जवळचा. १९८७ मध्ये तिने एड्सवर गीत रचले, रुग्णांना ती भेटत राहिली, तुरुंगांत गाइली. १९९४ च्या मार्चमध्ये तूर येथे ती शेवटची रंगमंचावर आली, आणि २४ नोव्हेंबर १९९७ रोजी गेली.

‘नांत’मध्ये वडिलांच्या अखेरच्या मुक्कामाचा पत्ता येतो: ग्रांज-ओ-लू नावाची गल्ली. अशी गल्ली त्या शहरात नव्हती. नाव तिने रचलेले. १९८६ साली नांतच्या नगरपालिकेने एका रस्त्याला तेच नाव दिले. त्या समारंभाला बार्बारा स्वतः गेली होती.