कादराबादचा शेजार

जालन्याच्या श्री गुरु गणेश तपोधामात दर्शनासाठी दूरदूरचे भाविक येतात आणि दर्शन आटोपून परततात. ज्यांच्यापाशी एखादी सकाळ मोकळी असेल, त्यांनी कादराबादच्या जुन्या गल्ल्यांतून अवश्य फिरून यावे.

कुंडलिका नदीच्या एका तीरावर जुना जालना, तर दुसऱ्या तीरावर कादराबाद. ‘जालना, सोन्याचा पालना’ अशी या गावाची ख्याती. १९८१ मध्ये जालना जिल्ह्याचे ठिकाण झाले. बियाणे आणि लोखंडी सळ्यांच्या व्यापाराने शहर चहूकडे वाढले. जुन्या गल्ल्यांत मात्र अजूनही खाली दुकान आणि वर घर अशीच वस्ती आढळते.

सकाळी शटर वर जाते, उंबऱ्यावर पाणी शिंपडले जाते, गादीवर धूप फिरतो. चातुर्मासात साध्वीजी गोचरीसाठी येताना दिसल्या, की समोरचा बांगडीवाला न सांगता आपली सायकल बाजूला घेतो. २०१२-१३ च्या दुष्काळात घाणेवाडीचा तलाव आटला, तेव्हा गल्लीतील एकाच बोअरला पाणी होते. त्या घरधन्याने नळी बाहेर ओट्यावर आणून ठेवली. कोणी किती घागरी नेल्या, याचा हिशेब त्याने ठेवला नाही. एरवी पैशापैशाचा जमाखर्च लिहिणारा तो माणूस!

आता अनेक घरांतील मुले पुण्याला स्थायिक झाली आहेत. एका माडीवर एक वृद्ध काकीजी एकट्याच राहतात. सात वाजेपर्यंत त्यांची खिडकी उघडली नाही, तर समोरचे किराणा व्यापारी नोकराला वर पाठवतात. निरोप नेहमी एकच : “काकीजी, दुकानातून काही आणायचे आहे का?” खरा प्रश्न काकीजींना समजतो. “शेठजींना सांग, आज पोरसीचे पच्चक्खाण आहे, म्हणून जरा निवांत आहे,” असे उत्तर येते आणि खिडकी उघडते.

मुलगा त्यांना पुण्यास नेण्याचा आग्रह करतो. त्याची काळजी खोटी नाही. परंतु काकीजी मला म्हणाल्या, “तिथे सगळे आहे, भाऊ. पण माझी खिडकी उघडली की नाही, हे पाहणारे कोण आहे?”

आपल्यापैकी पुष्कळांनी प्रशस्त वसाहतींत नवी घरे बांधली, ते योग्यच झाले. तेथे राहायला जाताना समोरच्या घरात कोण राहते, एवढी चौकशी मात्र पहिल्याच दिवशी करावी.