अंकातले आठ आणे

जुन्या नियतकालिकातला लेख आता सुटा मिळतो. शीर्षक टाकायचं, पीडीएफ उतरवून घ्यायची, झालं. 'इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली'च्या जानेवारी १९७१च्या दोन अंकांत आलेला अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांचा भारतातल्या दारिद्र्यावरचा प्रबंध असाच सुटा समोर येतो. अंक मात्र कुठेच नसतो. जुन्या कागदाचा वास गेला याचं मला फारसं दुःख नाही. वास शेवटी बुरशीचाच. चुटपुट लागते ती शेजार गेल्याची. त्या लेखाच्या आधी काय होतं, नंतर काय होतं, कुणासमोर कुणाला बसवलं होतं, हे ठरवणारा माणूस सुट्या लेखात उरत नाही. आणि माझं म्हणणं असं, की शिकल्यासवरल्या भारताला अर्थशास्त्र शिकवण्याचं निम्मं काम या शेजाराने केलं.

तो माणूस म्हणजे कृष्ण राज. १९६९पासून जानेवारी २००४मधल्या मृत्यूपर्यंत ते या साप्ताहिकाचे संपादक होते. थोडा इतिहास इथे आडवा येणारच: सचिन चौधरींनी १९४९ साली मुंबईत 'इकॉनॉमिक वीकली' काढलं, १९६५च्या अखेरीस ते बंद पडलं, ऑगस्ट १९६६मध्ये नव्या नावाने पुन्हा उभं राहिलं आणि त्याच डिसेंबरात चौधरी गेले. मग आर. के. हजारी आले आणि तीन वर्षांत रिझर्व्ह बँकेचे डेप्युटी गव्हर्नर होऊन गेले. उरले कृष्ण राज. दिल्ली स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकलेल्या या माणसाच्या नावावर ना सिद्धान्त, ना जाडजूड ग्रंथ. लिहिलं ते बहुतेक बिननावाच्या अग्रलेखांत. आपल्या विद्यापीठांच्या हिशेबात अशा कारकिर्दीची बेरीज शून्याच्या आसपास येते. स्वतःच्या चार पानांना तिथे गुण मिळतात; दुसऱ्याच्या चाळीस पानांवरून फिरवलेल्या लेखणीला फारशी किंमत नाही. या हिशेबाचा मला राग आहे, आणि तो लपवण्याचं कारण दिसत नाही.

संपादक म्हणजे नुसता पोस्टमन, श्रेय लेखकांचंच, असं कुणी म्हणेल. त्यासाठी पुन्हा त्या दारिद्र्यावरच्या प्रबंधाकडे यावं लागतं. दांडेकर-रथांनी माणशी रोज २,२५० उष्मांक धरले आणि १९६०-६१च्या भावाने तेवढं अन्न परवडायला खेड्यात दरमहा साधारण १५ रुपये, शहरात साडेबावीस रुपये खर्च लागतो असं मांडलं. त्या हिशेबाने खेड्यांतले ४० टक्के आणि शहरांतले ५० टक्के लोक रेषेखाली. महिन्याला पंधरा रुपये म्हणजे रोजचे आठ आणे. पाठ्यपुस्तक असतं तर गोष्ट इथेच संपली असती. साप्ताहिकात ती इथे सुरू झाली. संख्याशास्त्रज्ञ पां. वा. सुखात्मे म्हणाले, एकाच माणसाचं खाणं रोज कमीजास्त होतं आणि शरीर त्याच्याशी जुळवून घेतं. सरासरीपेक्षा कमी खाणारा प्रत्येक जण कुपोषित कसा? दांडेकरांना हे मुळीच मान्य नव्हतं. एक साताऱ्याचे, दुसरे सातारा जिल्ह्यातल्याच बुधचे. दोघांनीही मुंबईच्या इंग्रजी साप्ताहिकात एकमेकांची आकडेमोड सोलून काढली. पुढे १९८५मध्ये त्याच पानांवर रथांनी गरिबी हटवण्याच्या सरकारी कर्जयोजनेचे वाभाडे काढले. हे सगळं वर्षानुवर्षं एकाच पत्त्यावर घडू देणं, आणि कुठल्याही बाजूला शेवटचा शब्द बहाल न करणं, हे पोस्टमनचं काम नव्हे. आकडा दगडावरची रेघ नसतो, तो कुणीतरी गृहीतकं धरून ओढलेला असतो, ही समज वाचकाला असल्या भांडणातूनच येते.

दुसरा आक्षेप जड आहे. हे शिक्षण इंग्रजीतलं; ज्याच्या पोटातले उष्मांक मोजले, त्याला काय कळलं? इथे माझी बाजू लंगडी पडते, आणि पडू द्यावी. दारिद्र्यरेषा मराठीत आली खरी, पण वाद इंग्रजीत ठेवून निकालापुरती आली. उलट उदाहरण दांडेकरांचंच आहे. महाराष्ट्रातल्या प्रादेशिक असमतोलावर त्यांच्या समितीने १९८४ साली अहवाल दिला, राज्याच्या सरासरीशी तुलना करून मागे पडलेल्या जिल्ह्यांची तूट मोजली आणि ती तीन हजार कोटींहून जास्त भरली. त्यासोबत या तुटीसाठी 'अनुशेष' हा शब्द असा काही रुजला, की विदर्भ-मराठवाड्यात तो सभांमधून, बातम्यांमधून, चहाच्या टपरीवरून फिरू लागला. मोजमाप चुकलं, एकक तालुका हवं होतं, सरासरी हा निकष कसला, असं लोक मराठीतून भांडले. दांडेकर स्वतः संपादक वृत्तीचे. भारतीय अर्थविज्ञानवर्धिनी ही संस्था काढून त्यांनी तिचं नियतकालिकही चालवलं. पण अनुशेषाला कुणी संपादक लागला नाही, कारण भांडण भाषेतच उघडं होतं.

दारिद्र्यरेषेच्या वाट्याला ते भाग्य आलं नाही. महाराष्ट्रात ती पिवळ्या शिधापत्रिकेच्या रूपाने घरात येते. त्यावर कुटुंबप्रमुखाचं नाव असतं, माणसांची संख्या असते, दुकानाचा क्रमांक असतो. रेघ कुणी ओढली, तिला हरकत कुणी घेतली आणि तो माणूस शेजारच्याच गावचा होता, यातलं काही त्यावर नसतं.