पल्याडपूरची वाट

निद्रा आणि जागृती यांच्या सीमेवर माणसाच्या जिवाला एक विलक्षण मोकळीक लाभते. देह अंथरुणावर असतो आणि मन कुठल्या कुठे हिंडून येते. या हिंडण्याला निश्चित वाट असावी, ती शिकता यावी आणि तिच्या शेवटी आपले हरवलेले माणूस भेटावे, ही ओढ फार पुरातन आहे. ही ओढ आमच्याच घरी वस्तीला आली, म्हणून तिच्याविषयी चार शब्द लिहावेसे वाटले.

आमच्या मुलाची आजी प्रभूघरी गेली, तेव्हा तो सोळा वर्षांचा होता. त्यानंतर त्याने मनात एक गाव वसवले. त्याचे नाव पल्याडपूर. वहीत त्याचा नकाशा काढला. निजण्यापूर्वी डोळे मिटून एकवीस पायऱ्या उतरायच्या, की पुलगावचे स्टेशन लागते आणि तिथे आर्वीची छोटी गाडी उभी असते. ती गाडी प्रत्यक्षात केव्हाच बंद पडली. त्याने ती आजीच्या गोष्टींतूनच पाहिलेली. तीत बसून वर्धा नदी जिथे उलटी, डोंगराकडे वाहते, तिथवर जायचे. तिथल्या शेवटच्या घरात आजी बसलेली असते.

वही पाहून आम्हांला कौतुक वाटले आणि गलबलूनही आले. परंतु पुढे तो दिवेलागणीलाच अंथरूण धरू लागला. ताट तसेच राही, कॉलेज बुडे. एके दिवशी त्याने विचारले, "बाबा, तिथून परत यायलाच हवं का?" त्या रात्री आम्हा दोघांचाही डोळ्याला डोळा लागला नाही. दुसऱ्या दिवशी आम्ही त्याला डॉक्टरांकडे नेले. शोक खोलवर गेला आहे, असे सांगून त्यांनी उपचार सुरू केले. त्या काळात आम्ही धीर शोधत होतो तो आपल्या संतांपाशी.

आविलाच्या संत तेरेजा यांनी 1577 साली 'अंतरीचा राजवाडा' या अर्थाच्या नावाचा ग्रंथ लिहिला. आत्मा म्हणजे जणू हिऱ्याचा किंवा स्फटिकाचा एक राजवाडा. त्यात सात निवास, सर्वांत आतल्या निवासात राजा आणि प्रवेशाचे द्वार प्रार्थना. आंतरिक प्रवासाचे इतके तपशीलवार वर्णन क्वचितच आढळेल. त्याच ग्रंथात एक व्यवहारी सल्लाही आहे. उपवासांनी आणि जागरणांनी क्षीण झालेल्या काही भगिनी तासन् तास गुंगीत पडून राहत आणि त्यालाच समाधी समजत. अशांना पोटभर जेवू घालावे, पुरेसे झोपू द्यावे आणि त्यांचे तप कमी करावे, असे संत तेरेजा सांगतात. सातव्या निवासापर्यंत पोहोचलेल्या आत्म्याची खूण त्या कशात पाहतात? सत्कृत्यांत. 1970 साली ज्यांना ख्रिस्तसभेने आचार्यपद दिले, त्यांची ही कसोटी आहे.

त्यांचे सहकारी क्रुसाचे संत योहान यांनी तर कार्मेल पर्वताचा नकाशाच काढला होता. त्यात तीन वाटा आहेत. शिखरावर पोहोचते ती मधली, अरुंद वाट, आणि तिच्यावर 'काही नाही' हे शब्द पुन्हा पुन्हा लिहिले आहेत. दृष्टान्त आणि दिव्य अनुभव यांचा हव्यास धरू नये, असे हा महान गूढवादी बजावतो. आपल्या मराठी मातीतही हाच विवेक आहे. 1290 साली सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात ज्ञानदेवांनी योगमार्गाला 'पंथराज' म्हटले. त्याच अध्यायात अति खाणारा आणि मुळीच न खाणारा, अति झोपणारा आणि सदा जागणारा, या कोणालाच योग साधत नाही, हेही सांगितले आहे.

आणि संत योसेफ! मत्तयाच्या शुभवर्तमानात त्याला एकामागून एक स्वप्ने पडतात, परंतु स्वप्नात रेंगाळलेला योसेफ आपल्याला कुठेच दिसत नाही. तो उठतो आणि मरियेला घरी आणतो. तो उठतो आणि रातोरात बाळ व माता यांना घेऊन इजिप्तची वाट धरतो.

आम्ही मुलाची वही काढून घेतली नाही. त्याचे जेवण आणि झोप मात्र वेळेवर बांधून दिली. आजी हयात असताना गल्लीतल्या एका अंथरुणाला खिळलेल्या वृद्धेला रोज दुपारी डबा नेऊन देत असे. तिच्या पश्चात तो डबा आम्ही पोहोचवत होतो. ते काम मुलाकडे सोपवले. पहिले आठ दिवस तो डबा उंबऱ्यावर ठेवून परतला. पुढे त्या माऊलीने त्याला जवळ बसवून घेतले आणि आजीच्या तरुणपणीच्या गोष्टी सांगितल्या. पल्याडपूरच्या शेवटच्या घरातील आजीने त्या कधीच सांगितल्या नव्हत्या. कारण ते गाव त्याचे स्वतःचे होते, त्याला ठाऊक नव्हते ते तिथे असणार कुठून?

आजही तो कधी कधी एकवीस पायऱ्या उतरतो. आजीचा वियोग सरलेला नाही, आमचाही नाही. मागच्या महिन्यात त्याने वही आपणहून दाखवली. नकाशावर शेवटच्या घरापासून स्टेशनपर्यंत एक नवी रेघ होती आणि तिच्यावर लिहिले होते : 'परतीची गाडी, दुपारी बारा.' डब्याची वेळ साडेबाराची.

ज्यांच्या घरी असा एखादा प्रवासी आहे, त्यांना आमचे एवढेच सांगणे आहे : त्याच्या स्वप्नाची थट्टा करू नका आणि त्याला एकटे सोडू नका. आमच्या गावाच्या नावातच पूल आहे. पुलावरून माणसे पलीकडे जातात आणि त्याच पुलावरून घरीही येतात.