घर मोडलं, संसार नाही

बस्टर कीटनचा ‘वन वीक’ हा १९२० सालचा छोटा मूकपट मला फार आवडतो. नवीन लग्न झालेल्या जोडप्याला सुटे भाग जोडून उभारायचं घर भेट मिळतं. जळणारा एकजण खोक्यांवरचे आकडे बदलतो. घर वाकडंतिकडं उभं राहतं, वादळात गरागरा फिरतं, शेवटी रेल्वेरुळांवर अडकतं. एक गाडी शेजारच्या रुळावरून जाते. हुश्श म्हणेपर्यंत दुसरी येऊन घराचा चुराडा करते. हसून पोट दुखतं. मग तो ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ची पाटी लावतो आणि दोघं हात धरून चालू लागतात. ‘तुझ्यामुळेच झालं’ हे चेहऱ्यावरही नाही. आपल्याकडे बरणी फुटली तरी पहिला प्रश्न, ‘कुणी फोडली?’