दहा दिवसांचा करार

२०१२ च्या सप्टेंबरात जिम कॅल्हून निवृत्त झाले, तेव्हा मी हार्टफर्डमध्ये नवाच होतो. कॅल्हून म्हणजे कनेक्टिकट विद्यापीठाच्या, इथल्या भाषेत युकॉनच्या, बास्केटबॉल संघाचे प्रशिक्षक. त्यांच्या काळात संघाने तीनदा राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं होतं. या राज्याला एनबीएचा, म्हणजे अमेरिकेतल्या मुख्य व्यावसायिक लीगचा, संघ नाही, त्यामुळे विद्यापीठाचा संघ हाच सगळ्यांचा संघ. ऑफिसात जेवायला बसलं की दुसरा विषय नसायचा. कॅल्हून यांच्या जागी आला त्यांचाच जुना खेळाडू केव्हिन ऑली. त्याला पहिला करार मिळाला तो जेमतेम त्या मोसमापुरता, सात महिन्यांच्या आतबाहेर.

माझ्या सहकाऱ्यांना त्यात विद्यापीठाचा सावधपणा दिसला. मला त्या माणसाबद्दल एकदम आपुलकी वाटली. हार्टफर्ड हे विमा कंपन्यांचं गाव. आमच्यासारखे कितीतरी संगणकवाले तिथे वर्षाच्या, सहा महिन्यांच्या करारावर येतात, एक प्रोजेक्ट संपलं की सामान बांधून दुसऱ्या शहरात जातात. मुलीची शाळा, घराचं भाडं, व्हिसा, सगळं त्या कराराच्या तारखेवर टांगलेलं. शिवाय मी नागपूरला शिवाजीनगरच्या मैदानावर वाढलेला, विद्यापीठापर्यंत बास्केटबॉल खेळलेला. कोण हा ऑली, म्हणून मी त्याची कारकीर्द वाचायला घेतली आणि रात्री उशिरापर्यंत वाचतच बसलो.

ऑली लॉस एंजेलिसमध्ये वाढलेला. १९९१ ते १९९५ युकॉनमध्ये पॉइंट गार्ड, म्हणजे चेंडू पुढे आणून खेळ मांडणारा, होता. रे ॲलनसारखा पुढे जगभर गाजलेला नेमबाज त्याच्या संघात होता. १९९५ च्या ड्राफ्टमध्ये, एनबीएचे संघ नवे खेळाडू निवडतात तिथे, मात्र ऑलीचं नाव कुणीच घेतलं नाही. मग तो सीबीए नावाच्या दुय्यम लीगमध्ये खेळला, कनेक्टिकट प्राइड या संघाकडून. एनबीएचं दार उघडलं ते १९९७ मध्ये, डॅलसमध्ये. तिथून पुढे ऑरलँडो, सॅक्रमेंटो, फिलाडेल्फिया, न्यू जर्सी, शिकागो, इंडियाना, मिलवॉकी, सिएटल, क्लीव्हलँड, मिनेसोटा, ओक्लाहोमा सिटी. काही ठिकाणी तो पुन्हा पुन्हा गेला. तेरा मोसम हे चाललं, आणि सरासरी सामन्याला चार गुणांच्याही आतली. २००३ च्या फेब्रुवारीत मिलवॉकीने रे ॲलनला सिएटलला देऊन गॅरी पेटनला घेतलं, तेव्हा त्या सौद्यात ऑलीही होता. वर्तमानपत्रांच्या मथळ्यात नावं दोनच होती. ऑलीने बिऱ्हाड हलवलं ते आतल्या मजकुरात.

एनबीएत दहा दिवसांचा करार असतो. जानेवारी उजाडला की संघ असा करार करू शकतात. एका मोसमात एका संघाला त्याच खेळाडूशी असे दोनच करार करता येतात. त्यानंतर त्याला मोसम संपेपर्यंत ठेवायचं किंवा सोडून द्यायचं. ऑलीने असे करारही केले. हे वाचताना मी स्वतःला त्या जागी ठेवून पाहिलं. विमानाने नव्या शहरात उतरायचं, हॉटेलात बॅग टाकायची, दुसऱ्या दिवशी सरावाला हजर. समोर चौदा-पंधरा अनोळखी माणसं. प्रत्येक संघाच्या चाली वेगळ्या, त्यांची नावं आणि हातांच्या खुणा वेगळ्या. एका संघात मूठ वर केली की जी चाल, तिला दुसऱ्या संघात वेगळंच नाव. हे सगळं दोन-तीन दिवसांत डोक्यात बसवायचं, कारण कधी शेवटची चार मिनिटं मिळतील सांगता येत नाही. त्या चार मिनिटांत चेंडू हातातून निसटला तर अकराव्या दिवशी परतीचं विमान.

पॉइंट गार्डला तर फक्त आपली जागा ठाऊक असून भागत नाही. पाचही जणांनी कुठे उभं राहायचं ते त्याला माहीत लागतं, आणि चुकलेल्याला हाताने खुणावून सरकवावं लागतं. म्हणजे काल आलेल्या माणसाने वर्षानुवर्षं तिथे असलेल्यांना जागा दाखवायची. हे मला फार अवघड वाटतं. नव्या ऑफिसात पहिल्या आठवड्यात जुन्या माणसाला काही सांगताना माझी जीभ कशी जड होते ते मला ठाऊक आहे.

आमच्याकडे नागपुरात चित्र उलटं होतं. मैदानावरचा प्रत्येक चांगला मुलगा एकच स्वप्न पाहायचा, खेळाच्या कोट्यातून नोकरी. रेल्वे, बँक, पोलीस, आयकर. नोकरी लागली की घरचे पेढे वाटायचे, मुलगा खात्याच्या संघातून खेळायचा, गुडघे गेले की टेबलावर बसायचा. त्यात काही वाईट नव्हतं. उलट त्या नोकऱ्यांनीच आपल्याकडचा बास्केटबॉल इतकी वर्षं जगवला असं माझं ठाम मत आहे. पण केवळ खेळावर पोट भरणारा, या गावाहून त्या गावाला जाणारा खेळाडू आम्ही पाहिलेला नव्हता. खेळ आणि पगार यांच्यामध्ये दहा दिवसांचा कागद असू शकतो हे आमच्या घरी सांगितलं असतं, तर आईने बूट माळ्यावर टाकले असते.

मी विद्यापीठाच्या संघात होतो, पण पहिल्या पाचांत क्वचितच. बाकावर बसायचो. आमचे सर बाकावरच्यांना गप्प बसू देत नसत. टॉवेल खांद्यावर टाकून मी सामना बघत असलो की मागून आवाज यायचा, ‘काहून बे, सिनेमा पाहून राहिला का? तो सात नंबर कोणत्या हातानं जाऊन राहिला, सांग बरं.’ सांगता आलं नाही तर पुढची पाच मिनिटं त्या एकाच खेळाडूकडे बघायचं. चेंडू कुठेही असो, मान वळवायची नाही. पहिल्यांदा फार कंटाळा यायचा. मग हळूहळू दिसायला लागायचं, की तो उजव्या बाजूला जातो तेव्हा सरळ रिंगकडे घुसतो, आणि डावीकडे ढकलला की दोन ड्रिबलनंतर थांबतो. त्याचा दम सुटला की तो आधी चड्डीची कड धरतो. चेंडूमागे धावणाऱ्या डोळ्यांना यातलं काही दिसत नाही. मैदानात खेळणाऱ्या आमच्या सर्वांत गुणी मुलालाही दिसत नसे. त्याला ते बघायची गरजच नव्हती.

ऑली तेरा वर्षं हेच करत होता, आणि तेही कुणाकुणाच्या शेजारी बसून. फिलाडेल्फियात ॲलन आयव्हरसनचा संघ २००१ मध्ये अंतिम फेरीत गेला तेव्हा तो त्या संघात होता. क्लीव्हलँडला गेला ते लेब्रॉन जेम्सचं एनबीएतलं पहिलंच वर्ष. २००९ मध्ये छत्तिशीत ओक्लाहोमा सिटीत आला, तिथे केव्हिन ड्युरंट एकविशीचा. आदल्या मोसमात तो संघ फक्त २३ सामने जिंकला होता, त्या मोसमात ५० जिंकला. ऑली मैदानावर फारसा आलाच नाही. तरीही त्या संघाला वळण लावल्याचं श्रेय ड्युरंटने नंतर जाहीरपणे त्यालाच दिलं. विशीतल्या मुलांना वेळेवर येणं, शरीर जपणं, आपली पाळी नसताना तयार राहणं कुणीतरी रोज करून दाखवावं लागतं, आणि ते करायला ज्याची जागा कधीच पक्की नव्हती त्याच्यापेक्षा चांगला माणूस कोण मिळणार?

युकॉनमधलं त्याचं पहिलं वर्ष मी जवळून पाहिलं. आधीच्या वर्षांतल्या खेळाडूंच्या अभ्यासातल्या निकालांमुळे २०१३ च्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला संघाला बंदी होती. म्हणजे कितीही जिंकलं तरी मार्चमध्ये पुढे काहीच नाही. अशा वेळी चांगली मुलं दुसऱ्या विद्यापीठात जातात. शबाझ नेपियर थांबला, रायन बोटराइट थांबला. बक्षीस नसलेल्या त्या मोसमात संघ २० सामने जिंकला आणि १० हरला. डिसेंबरातच विद्यापीठाने ऑलीला पाच वर्षांचा करार दिला. त्या दिवशी मला मनापासून बरं वाटलं.

मग २०१४ चा मार्च आला. संघाला आपल्या विभागात सातवं मानांकन होतं, आणि इतक्या खालच्या मानांकनाचा संघ स्पर्धा जिंकेल असं आमच्या ऑफिसात एकानेही लिहून दिलं नव्हतं. पहिलाच सामना सेंट जोसेफशी, तोही जवळजवळ गेलाच होता. शेवटच्या मिनिटात घानाहून आलेल्या अमिदा ब्रिमा या पहिल्या वर्षाच्या मुलाने बास्केट केली, फाउल मिळवला, फ्री थ्रोही घातला आणि सामना जादा वेळेत गेला. तिथून पुढे व्हिलानोव्हा, आयोवा स्टेट, मिशिगन स्टेट. सलग ३० सामने जिंकून आलेल्या फ्लोरिडाला त्यांनी ६३-५३ हरवलं.

अंतिम सामना ७ एप्रिलला टेक्सासमधल्या आर्लिंग्टनला झाला, केंटकीशी. केंटकीचे पहिले पाचही जण पहिल्या वर्षाचे, धिप्पाड, सगळे एनबीएच्या वाटेवरचे. युकॉनच्या नेपियर आणि बोटराइटची उंची सहा फुटांच्या आसपास. आमच्या घरी सोफ्यावर चार कुटुंबं दाटीवाटीने बसली होती. पूर्वार्धात युकॉन १५ गुणांनी पुढे होता, उत्तरार्धात केंटकीने अंतर एका गुणावर आणलं. सगळे नेपियरकडे बघत होते आणि ते योग्यच होतं, त्याने २२ गुण केले. मी मात्र नागपूरच्या सवयीने बोटराइटकडे बघत होतो. चेंडू आपल्याकडे नसताना तो गुडघ्यात वाकलेला, हात पसरलेले. केंटकीचा चेंडू आणणारा मुलगा त्याच्यापेक्षा अर्ध्या फुटाने उंच, पण त्याला तो हव्या त्या बाजूला जाऊच देत नव्हता. आणि फ्री थ्रो! युकॉनने दहापैकी दहा घातले, केंटकीने चोविसांपैकी तेरा. अकरा फुकट गेले आणि सामना ६०-५४, सहा गुणांनी गेला. फ्री थ्रोला ना उंची लागते ना वेग. दुसऱ्याच रात्री युकॉनच्या मुलींनीही विजेतेपद घेतलं आणि त्या आठवड्यात हार्टफर्डच्या रस्त्यांवर मिरवणूक निघाली. मुलीला खांद्यावर घेऊन मीही त्या गर्दीत होतो.

पुढचं सगळं गोड नाही. २०१८ च्या मार्चमध्ये, लागोपाठ दोन मोसम संघ जिंकण्यापेक्षा जास्त हरल्यावर, विद्यापीठाने ऑलीला काढलं. नियमभंगाचं कारण देऊन उरलेल्या कराराचे पैसे नाकारले. कॉलेज क्रीडा संघटनेने २०१९ मध्ये त्याच्यावर तीन वर्षांचे निर्बंध घातले. २०२२ च्या जानेवारीत लवादाने पैशांच्या वादात त्याच्या बाजूने निकाल दिला, रक्कम १ कोटी १० लाख डॉलरच्या वर. नियम मोडले असतील तर निर्बंध आले पाहिजेत, यात मला शंका नाही. पण करार पाळला पाहिजे, यातही नाही. ज्यांनी कराराच्या शेवटच्या तारखेकडे बघत वर्षं काढली आहेत त्यांना हा निकाल काय वाटला असेल ते मी सांगायला नको. हा वाद चालू असतानाच तो अटलांटात होतकरू पोरांच्या एका नव्या लीगमध्ये शिकवू लागला होता. पुढे एनबीएतल्या ब्रुकलिन नेट्सचा सहायक प्रशिक्षक झाला आणि २०२४ च्या फेब्रुवारीत उरलेल्या मोसमापुरता त्यांचा हंगामी प्रशिक्षक. पुन्हा उरलेल्या मोसमापुरताच. मोसम संपल्यावर ते पद दुसऱ्याकडे गेलं.

आमच्या गावात हिवाळ्यात मुलांची बास्केटबॉल लीग असते आणि प्रशिक्षक पालकच असतात. मुलगी दहा वर्षांची झाली तसा मीही त्यात शिरलो. प्रत्येक मुलाला सारखा वेळ खेळवायचं असा नियम आहे, त्यामुळे निम्मा संघ कायम बाकावर. मी बाकावरच्यांना आमच्या सरांचे प्रश्न विचारायला लागलो. किती मिनिटं उरली? त्यांचे फाउल किती? तू कुणाच्या जागी जाणार, आणि तो आत्ता कुणाला अडवतोय? पालकांना पहिल्यांदा ते जरा कडक वाटलं, एकीने तसं बोलूनही दाखवलं. पण एका शनिवारी तिचाच मुलगा आत जायच्या आधी माझ्या कानाशी येऊन म्हणाला, ‘कोच, ती लाल बूटवाली डावखुरी आहे, आणि कुणी तिला डावीकडून अडवतच नाहीये.’ तो आत गेला आणि डावीकडे जाऊन उभा राहिला. तो सामना आम्ही हरलो. घरी जाताना गाडीत तो आईला हेच पुन्हा पुन्हा सांगत होता, असं तिने मला नंतर कळवलं.

नागपूरला माझा भाचा आहे, चांगला पॉइंट गार्ड. खात्याच्या संघांच्या चाचण्यांना जाऊन आला, नोकरी झाली नाही. आता त्याने एका शाळेत क्रीडा प्रशिक्षकाचं काम घेतलंय, अकरा महिन्यांच्या करारावर. परवा फोनवर म्हणाला, ‘मामा, अकरा महिन्यांत मी काय संघ बांधून राहिलो?’ मी त्याला ऑलीच्या सात महिन्यांबद्दल सांगितलं, ब्रुकलिनच्या उरलेल्या मोसमाबद्दलही सांगितलं. त्याच्या बाराव्या महिन्याच्या पगाराचा प्रश्न अशा गोष्टींनी सुटत नाही, आणि तो सुटायला हवा, हेही बोललो. मग त्या अंतिम सामन्याचं चित्रीकरण पाठवलं आणि म्हटलं, उत्तरार्ध पोरांना दाखव, पण त्यांना चेंडूकडे बघू देऊ नकोस, बोटराइटच्या पायांकडे बघायला सांग.