गाळलेल्या पाच ओळी

समुद्राविषयी लिहिण्याचा अधिकार मला फारसा नाही. माझा जन्म यवतमाळचा, नोकरी दिल्लीची. लोदी मार्गावरील माझ्या कचेरीपासून जवळच पृथ्वी विज्ञान मंत्रालयाचे पृथ्वी भवन आहे. ६,००० मीटर खोल समुद्रात माणसे धाडावयाची योजना या मंत्रालयाचीच. एरवी या शहराला समुद्राचे वारेही लागत नाही. तरी त्या समुद्राने एकदा मला पकडले, आणि तेही माझ्याच वाक्यात.

२०१७ साली मुलांच्या पानासाठी समुद्रातील विचित्र प्राण्यांवरील एक लेख भाषांतरासाठी माझ्याकडे आला. जेलीफिशला काय म्हणावे, येथेच लेखणी अडली. कोकणातले मच्छीमार त्यास ‘झार’ म्हणतात. पण नागपूर-इंदूरकडच्या मुलांना तो शब्द कळावयाचा नाही. ‘जेलीमासा’ म्हणावे तर तो मासाच नव्हे. त्यास ना काटा, ना कल्ले, ना मेंदू. अखेर जेलीफिश हाच शब्द ठेवला. या एका शब्दावर मी दोन दिवस घालविले आणि जेथे लक्ष द्यावयाचे तेथे दिले नाही. पान लावताना मजकूर पाच ओळींनी वाढला. चित्र लहान करण्याचे जिवावर आले, म्हणून मी ओळी कापल्या. ‘लाटांनी वाळूवर फेकलेले हे प्राणी लवकरच मरतात,’ एवढे राहिले, त्यापुढचे गेले.

पुढच्या वर्षी, २०१८ च्या ऑगस्टात, जुहू, आक्सा, गिरगाव अशा मुंबईच्या किनाऱ्यांवर ‘ब्लू बॉटल’ मोठ्या संख्येने वाहून आले व अनेकांना त्यांचा दंश झाला. माझी थोरली बहीण अंधेरीस राहते. तिचा मुलगा तेव्हा आठ वर्षांचा होता. जुहूच्या वाळूत त्याला बोटभर लांबीचा निळा फुगा दिसला. मित्र मागे सरले; याने मात्र ऐटीत सांगितले, की तो मेलेला आहे, काही करीत नाही, माझ्या मावशीने लिहिले आहे. आणि उचलला.

रात्री ताईचा फोन आला. मुलाच्या मनगटापासून कोपरापर्यंत चाबकाचे असावेत तसे वळ उठले होते. कोणा भल्या माणसाने त्यांवर वाळू चोळली आणि आग दुणावली. ताई मला एक शब्दही बोलली नाही. तिने फोन त्याच्याकडे दिला. तो म्हणाला, “मावशी, मेलेलं पण चावतं का गं?”

चावते. त्याच्या तंतूंवर हजारो दंशपेशी असतात. प्रत्येकीत विषाची एक सूक्ष्म पोकळ दोरी गुंडाळलेली असते. स्पर्श होताच ती बाणासारखी सुटते. तिला प्राण्याच्या आज्ञेची गरज नसते. घरधनी वारला तरी त्याने लावून ठेवलेला उंदराचा सापळा मिटावयाचा राहत नाही, तसे हे आहे. तुटलेला तंतूही दंश करतो.

आणखी एक गोष्ट मी तेव्हा चुकले होते. ब्लू बॉटल हा खरा जेलीफिश नव्हेच. किंबहुना तो एक प्राणीही नव्हे. कोणी फुगा झालेला, कोणी शिकार करणारा, कोणी पचविणारा, कोणी प्रजोत्पादन करणारा, अशा अनेक जीवांचे ते जन्मभर जोडलेले एकत्र कुटुंब आहे. त्यास पोहता येत नाही. फुग्याचे शीड करून ते वाऱ्यावर जाते, म्हणूनच पावसाळी वारे त्यास आपल्या किनाऱ्यावर आणून टाकतात. मोठ्या जातीचे तंतू ३० मीटरपर्यंतही लांब असतात. त्याची भाऊबंदकी खोल समुद्रात आहे. २०२० साली पश्चिम ऑस्ट्रेलियाजवळील समुद्रातल्या खोल घळींत अशाच एका वसाहतीचे बाहेरचे वेटोळेच सुमारे ४५ मीटर भरावे, असा अंदाज शास्त्रज्ञांनी केला.

याच्या विषाने वैद्यकाला मात्र एक देणगी दिली. १९०१ साली मोनॅकोच्या राजपुत्राच्या जहाजावर शार्ल रिशे व पोल पोर्तिए यांनी ते अभ्यासावयास घेतले. पुढे समुद्रपुष्पाच्या विषाचे प्रयोग करताना त्यांना आढळले, की पहिल्या मात्रेतून बचावलेला कुत्रा दुसऱ्या, अगदी अल्प मात्रेने मरतो. शरीराच्या या विपरीत प्रतिक्रियेच्या शोधासाठी रिशे यांना १९१३ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

आता त्या गाळलेल्या ओळींचे देणे. वाळूवरचा निळा फुगा, मेलेला दिसला तरी, हाताने वा पायाने शिवू नये. दंश झाल्यास ती जागा चोळू नये. समुद्राच्याच पाण्याने धुवावी आणि चिकटलेले तंतू चिमट्याने काढावेत. नंतर सोसवेल इतक्या गरम, म्हणजे सुमारे ४५ अंश सेल्सिअस पाण्यात ती २० मिनिटे बुडवून ठेवावी. लहान मुलासाठी पाणी आधी आपल्या हाताने पाहावे. श्वास लागला, चक्कर आली अथवा तोंड सुजले, तर घरगुती उपायांत वेळ न दवडता इस्पितळ गाठावे.

भाच्याचे वळ काही दिवसांनी गेले. तो अंक अजून माझ्या कपाटात आहे. चित्र खरोखरच सुरेख आले आहे.