दादाचा कप

गेल्या शनिवारी सपोर्टची ड्यूटी होती. म्हणजे लॅपटॉप उघडून बसायचं आणि काही कोसळू नये म्हणून देवाचा धावा करायचा. काही कोसळलं नाही, त्यामुळे अमेरिकेतल्या गोल्डन स्पाइक्स अवॉर्डची यादी वाचत बसलो. तिथल्या सर्वोत्तम हौशी बेसबॉलपटूला हा पुरस्कार १९७८ पासून देतात आणि बहुतेक वेळा तो कॉलेजच्या पोरांनाच मिळतो. स्पाइक्स म्हणजे बुटांचे खिळे. आमचा दादा कॅनव्हासच्या बुटांवर खेळायचा.

दादा म्हणजे माझा चुलतभाऊ. गाव घनसावंगी. तिथे कसला आलाय बेसबॉल, असं ऑफिसात सगळे विचारतात. अहो, मराठवाड्यात कॉलेजची पोरं बेसबॉल-सॉफ्टबॉल खेळतात! ग्लोव्ह मात्र अपुरे. इनिंग संपली की आपला ग्लोव्ह समोरच्या टीमला द्यायचा.

२०१२ च्या हिवाळ्यात दादाची विद्यापीठाच्या संघात निवड झाली. आंतरविद्यापीठ स्पर्धेला गेलं की कलर कोट मिळणार. तो ब्लेझर घालून लग्नात मिरवणारी मंडळी मी पाहिलीयेत, अगदी मे महिन्यात! पण त्या वर्षी पाऊसच झाला नव्हता. आमची मोसंबीची बाग टँकरवर जगत होती. टँकर रात्री कधीही यायचा आणि मग एकेका झाडाच्या आळ्यात पाइप धरून उभं राहायचं. आप्पा दादाला म्हणाले, "जा तू." दादा गेला नाही. त्यांनी 'जाऊ नको' म्हटलं असतं तर भांडून गेलो असतो, असं तो अजून म्हणतो.

गॅदरिंगला त्याला 'उत्कृष्ट खेळाडू'चा कप मिळाला. माइकवरच्या पोराने जोरात पुकारलं, "बास्केटबॉल!" दादा स्टेजच्या पायऱ्या चढताना "बेस, बेस" म्हणत होता. सगळा मांडव हसला. सगळ्यात मोठ्याने मीच हसलो असेन, दहावीत होतो. त्या उन्हाळ्यात निम्मी बाग वाळली. पुढे नोकरीच्या फॉर्मवर खेळाडू कोट्याचा रकाना आला, तिथे गॅदरिंगचा कप चालत नाही. सध्या त्यात मोटरच्या स्टार्टरचे फ्यूज आणि स्क्रू असतात.

असो. तर त्या यादीत १९८७ साली एक नाव आहे, जिम अॅबट. मिशिगन विद्यापीठाचा पिचर, जन्मापासून उजवा पंजा नाही. पुढे १९९३ मध्ये न्यूयॉर्क यांकीजकडून खेळताना त्याने एका पूर्ण सामन्यात प्रतिस्पर्ध्यांना एकही हिट मिळू दिली नाही. मला राहवेना, दादाला फोन लावला. मला वाटलं, तो हळहळेल किंवा निदान गप्प तरी होईल.

तो म्हणाला, "ते राहू दे. ग्लोव्ह कुठं ठेवतो तो?"

मी वाचून सांगितलं. उजव्या मनगटावर टेकवून ठेवायचा, डाव्याने बॉल टाकला की लगेच तोच हात ग्लोव्हमध्ये सरकवायचा.

"आणि बॉल परत आला तर?"

"ग्लोव्ह बगलेत दाबायचा आणि डाव्या हाताने बॉल काढायचा."

पलीकडे खुडबुड झाली. फोन स्पीकरवर होता बहुतेक. वहिनीचा आवाज आला, "अहो, ती मोसंबी खायला आणलीयेत!"

"थांब गं," दादा म्हणाला, "एकदा जमलं होतं आत्ता."